उंच लाट, बुटकी लाट आणि सुटणारं समीकरण

इंजिनिअरिंगला एम-थ्रीचा (गणिताचा तिसरा) पेपर दिलेल्यांना 'सीएफ अधिक पीआय' (कॉम्प्लिमेंटरी फंक्शन अधिक पर्टिक्युलर इंटिग्रल, म्हणजे उत्तराचे दोन तुकडे) हा मंत्र झोपेतही आठवतो. समीकरण रेषीय असलं की तो चालतो. दोन उत्तरं हाती आली की त्यांची बेरीजही उत्तरच असते, म्हणून अवघड प्रश्नाचे तुकडे करायचे, एकेक तुकडा सोडवायचा आणि शेवटी सगळं जोडायचं. आवाज, उष्णता, विजेची सर्किटं, क्वांटम यांत्रिकी, सगळीकडे याच एका सवलतीवर काम निघतं.

अरेषीय विकलक (डिफरेन्शियल) समीकरणात ही सवलत बंद. तिथे अज्ञात राशी स्वतःलाच गुणत असते. उदाहरणार्थ, लाटेची उंची किती वेगाने बदलणार हे उंचीवरच अवलंबून, आणि तेही सरळ प्रमाणात नाही. दोन उत्तरांची बेरीज केली तर ती उत्तर राहत नाही. अशी बहुतेक समीकरणं सूत्रात सुटतच नाहीत. हवामानाचा अंदाज काढायला महाकाय कॉम्प्युटर राबवावे लागतात ते यामुळेच.

तरीही मोजकी काही समीकरणं दिसायला तितकीच वाकडी असून पूर्ण सुटतात. अंदाजाने नव्हे, अगदी शेवटच्या चिन्हापर्यंत. त्यांना 'इंटिग्रेबल' म्हणतात. ही समीकरणं नशिबाने सुटतात असं मला वाटत नाही. आत खणलं की दर वेळी त्याच दोन गोष्टी हाताला लागतात: कुठेतरी लपलेला एक रेषीय प्रश्न, आणि काही केल्या न बदलणाऱ्या राशींचा मोठा साठा.

आधी लहान उदाहरण घेऊ. क्ष ही एखाद्या साथीत लागण झालेल्यांचा हिस्सा समजा, ० ते १ या मापात. लागण पसरायला आजारी माणूस हवा आणि निरोगी माणूसही हवा, म्हणून क्षचा वाढीचा दर = क्ष × (१ − क्ष). कंस सोडवला की क्षचा वर्ग येतो, म्हणजे समीकरण अरेषीय. आता क्षकडे न बघता त्याच्या व्यस्ताकडे बघा: य = १/क्ष. दोन ओळींचं गणित केलं की यचा बदलाचा दर निघतो १ − य. वर्ग गायब! हे समीकरण अकरावी-बारावीचं आहे. सुरुवातीला क्ष ०.१ असेल तर य १० असतो, म्हणजे १ पेक्षा ९ ने जास्त. ही ९ ची तफावत नेहमीच्या घातांकी पद्धतीने विरत जाते. य मिळाला की उलटा करायचा, क्ष मिळाला.

वाकडेपणा समीकरणात नव्हता, आपण चुकीची राशी मोजत होतो, असं इथे म्हणता येतं. पुढे जे काही सांगणार आहे त्याचं बीज या दोन ओळींत आहे. फक्त योग्य राशी शोधायला लोकांना पुढे बरीच दशकं लागली.

या विषयाची गोष्ट नेहमी एका कालव्यापासून सुरू होते, आणि ती इतक्यांदा सांगून झालीय की मी उरकतोच. ऑगस्ट १८३४, एडिंबराजवळचा युनियन कॅनॉल. जॉन स्कॉट रसेल हा २६ वर्षांचा स्कॉटिश इंजिनिअर घोड्यांनी ओढल्या जाणाऱ्या बोटीवर प्रयोग करत होता. बोट अचानक थांबली आणि तिच्या पुढे साचलेलं पाणी एकच गोलसर उंचवटा होऊन पुढे निघालं. तीसेक फूट लांब, फूट-दीड फूट उंच, वेग ताशी ८-९ मैल. घोड्यावरून त्याने मैल-दोन मैल पाठलाग केला, तरी लाटेचा आकार जवळपास तसाच. घरी परतून त्याने टाकी बांधली, प्रयोग केले आणि निष्कर्ष काढला: अशी लाट जितकी उंच तितकी वेगवान.

त्या काळच्या जाणकारांना हे पटेना. जॉर्ज एअरीच्या सिद्धांतानुसार उथळ पाण्यात लाटेचा माथा पायथ्यापेक्षा जोरात पळतो, पुढे झुकतो, आणि लाट तिरपी होत फुटायलाच हवी. समुद्रकिनाऱ्यावर हे आपण रोज बघतो. एअरीच्या गणितात एक गोष्ट राहिली होती: वेगवेगळ्या लांबीचे तरंग वेगवेगळ्या वेगाने जातात, त्यामुळे कुठलाही उंचवटा पसरत, विस्कटत जातो. याला अपस्करण म्हणतात. तिरपं होणं आणि विस्कटणं एकमेकांना नेमकं तोलून धरत असतील तर लाट अभंग राहील. फ्रान्समध्ये बूसिनेस्क आणि इंग्लंडमध्ये रेली यांनी १८७० च्या दशकात हे दाखवलं. १८९५ साली कोर्टेवेग आणि द व्रीस या डच जोडीने त्याचं सुटसुटीत समीकरण मांडलं. समीकरण मुळात बूसिनेस्कच्या लिखाणात आधीच होतं, पण नाव चिकटलं ते केडीव्ही.

केडीव्हीत दोनच गोष्टी आहेत. एक पद तिरपं करणारं: उंची गुणिले उतार. दुसरं विस्कटवणारं: उंचीचं तीनदा केलेलं विकलन. सोयीची एककं घेतली की त्याची एकुटवाणी लाट घंटेच्या आकाराची निघते (गणितवाले तिला 'सेच स्क्वेअर' म्हणतात) आणि तिचा नियम सोपा आहे: कालव्यातल्या नेहमीच्या लाटवेगाच्या वर तिचा जो जादा वेग, तो तिच्या उंचीच्या दुप्पट. उंची २ असेल तर वेग ४, उंची ८ असेल तर वेग १६. शिवाय चौपट उंच लाटेची रुंदी निम्मी असते.

आता मजा. बुटकी लाट पुढे, उंच लाट मागे, असं सोडून दिलं तर? उंच लाट कधी ना कधी बुटकीला गाठणार. समीकरण अरेषीय असल्यामुळे दोघींचा चक्काचूर होईल आणि भलताच तिसरा आकार उरेल, ही स्वाभाविक अपेक्षा. प्रत्यक्षात एकेरी रुळावर मागून आलेली फास्ट लोकल पुढच्या स्लो लोकलमधून आरपार निघून जावी आणि दोन्ही गाड्या डब्याडब्यासकट शाबूत असाव्यात, तसं होतं.

आणि आरपार जाण्याच्या क्षणी काय दिसतं? ८ आणि २ उंचीच्या लाटा नेमक्या एकमेकींवर आल्या की उंची १० होईल असं साधी बेरीज सांगते. केडीव्हीचं उत्तर आहे ६. दोघी एकवटतात तेव्हा उंची वाढण्याऐवजी ८ वरून ६ वर उतरते, आकार क्षणभर एकाच घंटेचा होतो, आणि मग त्यातून ८ वाली पुढे निसटते, २ वाली मागे राहते.

हिशेब तपासून बघता येतो. ६ उंचीच्या त्या घंटेखालचं क्षेत्रफळ १२ भरतं. ८ उंचीच्या लाटेखाली ८, २ उंचीच्या लाटेखाली ४. बेरीज १२. उंचीचा वर्ग करून त्याखालचं क्षेत्रफळ मोजा: घंटेचं ४८, उंच लाटेचं ४२ पूर्णांक दोन तृतीयांश, बुटकीचं ५ पूर्णांक एक तृतीयांश. बेरीज पुन्हा ४८. क्षेत्रफळ हा पाण्याचा हिशेब, वर्गाचा तो संवेगाचा. टक्कर झाल्याची खूण एवढीच उरते, की उंच लाट जिथे असायला हवी होती त्याच्या सुमारे ०.५५ पुढे असते आणि बुटकी सुमारे १.१ मागे. उंच लाटेत पाणी दुप्पट, सरकणं निम्मं. गुणाकार दोन्हीकडे ४.४ च, त्यामुळे एकूण पाण्याचा मध्य जागचा हलत नाही.

हे सगळं १८९५ मध्ये कोणालाच ठाऊक नव्हतं. समीकरण पडून राहिलं आणि ते पुन्हा वर आलं ते भलत्याच दारातून. १९५० च्या दशकात अमेरिकेच्या लॉस अलामॉस प्रयोगशाळेत एन्रिको फर्मी, जॉन पास्ता आणि स्टॅनिस्लाव उलाम यांनी मॅनिअॅक या कॉम्प्युटरवर स्प्रिंगांनी जोडलेल्या कणांची साखळी चालवली. कण जास्तीत जास्त ६४. स्प्रिंगेत किंचित अरेषीयता घातलेली. सुरुवातीला सगळी ऊर्जा सर्वांत सावकाश कंपनात दिली. अपेक्षा अशी की अरेषीयतेमुळे ती हळूहळू सगळ्या कंपनांत सारखी वाटली जाईल. ऊर्जा थोड्या कंपनांत फिरली आणि काही वेळाने जवळजवळ सगळी पहिल्या कंपनात परत आली! प्रोग्रामिंगचं काम मेरी त्सिंगू यांनी केलं होतं. १९५५ च्या अहवालात त्यांचे आभार तेवढे मानले गेले. आता बरेच लोक या प्रयोगाच्या नावात त्यांचं नाव जोडतात, आणि ते योग्यच आहे.

दहा वर्षांनी, १९६५ मध्ये, नॉर्मन झॅबुस्की आणि मार्टिन क्रुस्कल यांनी दाखवलं की साखळीतले कण खूप आणि दाटीवाटीने आहेत असं मानलं की गणित केडीव्हीवरच येऊन ठेपतं. त्यांच्या कॉम्प्युटरवर एका साध्या लाटेतून उंच-बुटक्या लाटांची रांग फुटली, त्या एकमेकींतून आरपार गेल्या आणि काही काळाने पुन्हा जवळपास मूळ आकारात आल्या. कणांसारखं वागतात म्हणून त्यांना 'सॉलिटॉन' हे नाव त्यांनीच दिलं.

पण कॉम्प्युटरने दाखवणं वेगळं आणि कारण कळणं वेगळं. माझ्या मते या विषयाचा खरा कळस १९६७ चा आहे, कालवा किंवा घोडा नव्हे. प्रिन्स्टनमध्ये क्रुस्कल, गार्डनर, ग्रीन आणि मिउरा केडीव्हीत न बदलणाऱ्या राशी शोधत होते. पाण्याचं एकूण प्रमाण, संवेग, ऊर्जा या तीन तर अपेक्षितच. पण चौथी सापडली, पाचवी सापडली, आणि यादी थांबेचना. मिउराला आणखी एक धागा सापडला: केडीव्हीची भावंड शोभेल अशा दुसऱ्या एका समीकरणाचं उत्तर घ्या, त्याच्या वर्गात त्याचाच उतार मिळवा, की केडीव्हीचं उत्तर तयार होतं. 'एक राशी, तिचा वर्ग आणि तिचा उतार' हा साचा ओळखीचा आहे. आपल्या साथीच्या उदाहरणातही क्षचा उतार आणि क्षचा वर्ग हेच होते. तिथे व्यस्त घेऊन वर्ग पळाला, इथेही तशाच एका अदलाबदलीने वर्ग पळतो आणि समोर उभं राहतं क्वांटम यांत्रिकीतलं श्रोडिंगरचं समीकरण. शंभर टक्के रेषीय!

कालव्यातल्या पाण्याचा क्वांटमशी भौतिक संबंध काहीही नाही, हे स्पष्ट सांगतो, नाहीतर व्हॉट्सअॅपवर भलतंच फिरेल. संबंध फक्त गणिताचा आहे. लाटेचा आकार उलटा करा, म्हणजे उंचवट्याचा खड्डा झाला. या खड्ड्यात एक काल्पनिक इलेक्ट्रॉन सोडा. खड्ड्यात त्याला काही ठरावीक ऊर्जापातळ्याच मिळतात. बाहेरून येणारा इलेक्ट्रॉन खड्ड्यावरून जाताना थोडा पलीकडे जातो, थोडा परततो. ही झाली खड्ड्याची पूर्ण ओळखपरेड.

आता लाट केडीव्हीप्रमाणे सरकू द्या. खड्ड्याचा आकार क्षणोक्षणी बदलतो, दोन लाटा एकमेकींत मिसळतात, सुटतात, पण ऊर्जापातळ्या तसूभरही हलत नाहीत. ओळखपरेडीतल्या बाकीच्या नोंदी बदलतात त्या अगदी साध्या घातांकी नियमाने. म्हणून कृती अशी: सुरुवातीच्या लाटेची ओळखपरेड करा, नोंदी हव्या त्या वेळेपर्यंत पुढे न्या, मग नोंदींवरून खड्डा परत उभा करा. हे शेवटचं काम अवघड, पण तेही रेषीय, आणि त्याची रीत १९५० च्या दशकात सोव्हिएत गणितज्ञांनी वेगळ्याच कारणासाठी तयार करून ठेवली होती.

यातून सॉलिटॉनचं गूढ पूर्ण उकलतं. खड्ड्यातली प्रत्येक पातळी म्हणजे एक सॉलिटॉन, आणि त्याची उंची पातळीच्या खोलीच्या दुप्पट. ६ खोलीच्या आपल्या घंटेच्या खड्ड्यात बरोब्बर दोन पातळ्या असतात: उणे १ आणि उणे ४. दुप्पट केलं की २ आणि ८. टक्कर होवो न होवो, पातळ्या त्याच राहणार, म्हणून लाटा शाबूत राहणार. रुंदी तीच ठेवून उंची ६ ऐवजी ५ घेतली तर? पातळ्या दोनच, पण सॉलिटॉन निघतात साधारण ६.४ आणि १.२५ उंचीचे. त्यांच्याखालचं क्षेत्रफळ मूळच्या १० पेक्षा थोडं जास्त भरतं. हा फरक फेडायला मागे बारीक तरंगांची शेपटी सुटते आणि तिचा हिशेब उणे येतो.

पातळ्या का हलत नाहीत, याचं नेटकं उत्तर पीटर लॅक्स यांनी १९६८ मध्ये दिलं. समीकरणाशी दोन गणिती यंत्रं जोडायची. पहिल्याचं वेळेनुसार बदलणं हे दुसऱ्याने त्याला फक्त फिरवण्यासारखं असलं पाहिजे. फिरवल्याने वस्तूचं तोंड बदलतं, तिच्या अंगभूत संख्या बदलत नाहीत. पातळ्या म्हणजे या अंगभूत संख्या. अशी जोडी म्हणजे 'लॅक्स पेअर'. ती सापडणं ही समीकरण इंटिग्रेबल असल्याची मोठी खूण समजली जाते. शोधायची हमखास रीत मात्र नाही.

न बदलणाऱ्या राशींचं महत्त्व यांत्रिकीत फार जुनं आहे. लिऊव्हिल यांनी १८५५ मध्ये सांगितलं होतं, की एखाद्या व्यवस्थेत हालचालीच्या जितक्या स्वतंत्र दिशा तितक्या एकमेकींशी न भांडणाऱ्या अक्षय्य राशी मिळाल्या, तर ती व्यवस्था सुटते. सूर्य आणि एक ग्रह सुटतात ते यामुळे. तिसरा गोल आला की राशी कमी पडतात आणि सूत्र हातातून निसटतं. लाटेत दिशा अनंत असतात, म्हणून राशीही अनंत लागतात. केडीव्हीकडे त्या खरोखरच आहेत, हे झाखारोव्ह आणि फाडेयेव्ह यांनी १९७१ मध्ये या जुन्याच भाषेत मांडून दाखवलं. त्याच सुमारास झाखारोव्ह आणि शाबात यांनी अरेषीय श्रोडिंगर समीकरणही (वरच्या रेषीय समीकरणाहून हे वेगळं) असंच सोडवलं, तेव्हा केडीव्ही हा अपवाद नाही हे पक्कं झालं. या घराण्याला भारतातूनही भर पडली. १९७७ मध्ये एम. लक्ष्मणन यांनी दाखवलं की सूक्ष्म चुंबकांच्या अखंड साखळीचं समीकरण आतून हेच अरेषीय श्रोडिंगर आहे. तिरुचिरापल्लीच्या भारतीदासन विद्यापीठातलं त्यांचं काम या क्षेत्रात जगभर ओळखलं जातं.

खऱ्या जगात हे कुठे दिसतं? अंदमानच्या समुद्रात. तिथे पृष्ठभागाखाली कोमट हलकं पाणी आणि खाली थंड जड पाणी यांच्या सीमेवर भरती-ओहोटीमुळे अजस्र लाटा उठतात. १९८० मध्ये ऑस्बोर्न आणि बर्च यांनी तिथली मोजमापं प्रसिद्ध केली: पाण्याखालच्या लाटा साठेक मीटर उंच, आणि त्यांचं वागणं केडीव्हीच्या सॉलिटॉनसारखं. वरून दिसतात ते फक्त खळबळणाऱ्या पाण्याचे लांबच लांब पट्टे. १९७५ च्या अपोलो-सोयुझ मोहिमेतल्या फोटोंतही ते टिपले गेले होते. तेलासाठी ड्रिलिंग करणाऱ्या जहाजांना या लाटांचा खरा धसका असतो.

ऑप्टिकल फायबरमधून सॉलिटॉन पाठवता येतील, हे हासेगावा आणि टॅपर्ट यांनी १९७३ मध्ये सुचवलं आणि १९८० मध्ये ते प्रयोगात दिसलंही. तरी आजचं इंटरनेट त्यावर चालत नाही, दुसरे उपाय स्वस्त पडले. 'सॉलिटॉनमुळे आपलं नेट चालतं' असं कोणी लिहिलं तर विश्वास ठेवू नका.

२००६ चा एक प्रयोग मला जास्त आवडतो. रुबिडियमचे अतिथंड अणू अतिशय अरुंद नळ्यांत कोंडून एकमेकांवर आपटवले. हजारो टकरा झाल्या तरी त्यांची हालचाल सामान्य वायूसारखी सरमिसळ होईना. लीब आणि लिनिगर यांनी १९६३ मध्ये सोडवलेल्या इंटिग्रेबल प्रतिमानाच्या हा प्रयोग अगदी जवळ जातो. लॉस अलामॉसच्या साखळीने जो गोंधळ उडवला, तोच इथे खऱ्या अणूंनी उडवला.

मग नवं समीकरण समोर आलं तर ते सुटणारं आहे हे ओळखायचं कसं? सर्वांना मान्य अशी एकच कसोटी अजून नाही. इतकंच काय, 'इंटिग्रेबल' कशाला म्हणावं यावरही एकमत नाही. पण दोन चांगल्या चाळण्या आहेत.

पहिली सोफिया कोवालेव्हस्काया यांची. एका बिंदूवर टेकून फिरणारा भोवरा कधी सुटतो, हा त्यांच्यापुढचा प्रश्न. ऑयलर आणि लाग्रांज यांना एकेक सुटणारा प्रकार मिळाला होता. कोवालेव्हस्कायांनी वेळेला काल्पनिक संख्यांच्या मुलखात नेलं आणि विचारलं, उत्तर तिथे जिथे जिथे अनंताला भिडतं तिथे ते शहाण्यासारखं भिडतं का? या अटीवर त्यांना तिसरा प्रकार सापडला: भोवऱ्याच्या तीन जडत्व आघूर्णांपैकी (त्या त्या अक्षाभोवती फिरवायला तो किती जड जातो याची मापं) दोन समान आणि तिसऱ्याच्या दुप्पट. १८८८ मध्ये पॅरिसच्या अकादमीने त्यांना बोर्दाँ पारितोषिक दिलं आणि रक्कम ३००० वरून ५००० फ्रँक केली. पुढे पॉल पेनलेव्हे यांनी हाच विचार समीकरणांच्या वर्गीकरणासाठी वापरला. हे गृहस्थ नंतर फ्रान्सचे पंतप्रधानही झाले. त्यांच्या नावाची सहा समीकरणं आज चुंबकांच्या प्रतिमानांतही भेटतात.

दुसरी चाळणी जपानच्या र्‍योगो हिरोता यांच्या पद्धतीतून आली. १९७१ मध्ये त्यांनी केडीव्हीचे कितीही सॉलिटॉन ओळखपरेडीशिवाय, थेट बीजगणिताने लिहायची युक्ती दिली. ती इतर समीकरणांवर वापरताना लक्षात आलं की केडीव्हीच्या साच्यातल्या कुठल्याही समीकरणाला दोन सॉलिटॉनचं उत्तर मिळतंच. तेवढ्यावर हुरळून जाण्यात अर्थ नाही. खरी परीक्षा तिसऱ्या सॉलिटॉनला होते. १९८७ मध्ये फिनलंडच्या यार्मो हिएतारिंटा यांनी कॉम्प्युटरच्या मदतीने ही चाळणी लावली, तेव्हा तीन सॉलिटॉनच्या अटीत उतरलेली समीकरणं हाताच्या बोटांवर मोजण्याइतकीच निघाली.